शत्रूच्या घरचा शोक

अथेन्समध्ये एकदा एका नाटककाराला दंड झाला. गुन्हा काय, तर त्याचे नाटक पाहून प्रेक्षक रडले. नाटक पडले म्हणजे नाटककाराला फटका बसतो, हे आपण जाणतो. पण नाटक फारच लागू पडले म्हणून त्याला सरकारात एक हजार द्राख्मा भरावे लागावेत, हा प्रकार विरळाच. रक्कमही लहानसहान नव्हे. त्याच शतकाच्या अखेरीस अथेन्समधल्या कुशल कारागिराला दिवसाला एक द्राख्मा मजुरी मिळे. म्हणजे जवळजवळ तीन वर्षांची कमाई एका नाटकापायी गेली. शिवाय हे नाटक पुन्हा कुणी करू नये, असा हुकूम निघाला तो वेगळाच.

या नाटककाराचे नाव फ्रिनिकस, आणि नाटकाचे नाव ‘मिलेटसचा पाडाव’. ही हकिगत हिरोडोटसने आपल्या इतिहासाच्या सहाव्या भागात सांगून ठेवली आहे. मिलेटस हे आजच्या तुर्कस्तानच्या किनाऱ्यावरचे ग्रीक शहर. तिथले लोक आयोनियन, म्हणजे अथेन्सवाल्यांचे भाऊबंद. त्यांनी इराणच्या बादशहाविरुद्ध बंड केले, तेव्हा अथेन्सने वीस जहाजे मदतीला धाडली. आणि पहिला तडाखा बसताच ती परतही बोलावली. बंड पुढे चिरडले गेले. इ. स. पूर्व ४९४ मध्ये मिलेटस पडले. बहुतेक पुरुष मारले गेले, बायकामुले गुलाम झाली, आणि उरलेल्यांना पकडून दूर सुसा या राजधानीला नेण्यात आले. आपल्याकडे पानिपत या गावाचा वाक्प्रचार होऊन बसला, त्यावरून त्या जखमेची कल्पना यावी. ती जखम ओली असतानाच फ्रिनिकसने ती रंगभूमीवर आणली आणि सगळे नाटकगृह हमसून रडले. ‘घरच्या दुःखाची आठवण करून दिली’, असा त्याच्यावर ठपका होता. घरच्या दुःखाची, हे शब्द ध्यानात ठेवावेत. आपले माणूस संकटात असता आपण हात काढून घेतला, ही बोच त्या रडण्यात नसेलच असे म्हणवत नाही.

इथे एक खुलासा करायला हवा. तिकडचे नाटक म्हणजे रात्रीची जेवणे उरकून दोन घटका करमणुकीला जाण्याची गोष्ट नव्हती. वसंत ऋतूत डायोनिसस देवाचा मोठा उत्सव असे. त्यात अ‍ॅक्रोपोलिस टेकडीच्या दक्षिण उतारावर, भर दिवसा, उघड्यावर नाटके होत. तीन कवींची निवड सरकारी अधिकारी करी. प्रत्येकाने तीन शोकात्मिका आणि वर एक हलकेफुलके नाटक सादर करायचे, आणि पंचांनी क्रम लावायचा. गाणाऱ्या-नाचणाऱ्या वृंदाचा खर्च एखाद्या धनिक नागरिकावर कर्तव्य म्हणून टाकला जाई. नट सारे पुरुष, तोंडावर मुखवटे. पुढे अथेन्सचे साम्राज्य झाले तेव्हा मांडलिक शहरांकडून आलेली खंडणी याच उत्सवात लोकांना दाखवत, आणि लढाईत बाप पडलेल्या, सरकारी खर्चाने वाढवलेल्या मुलांना शस्त्रे चढवून याच जागी मिरवत. देवाची जत्रा, सरकारी समारंभ आणि नाटकांची चढाओढ, तिन्ही एका ठिकाणी. अशा जागी कवी काय बोलतो, हा सगळ्या शहराचा प्रश्न होऊन बसतो.

आता दंडाच्या त्या गोष्टीनंतर काय झाले ते पाहा. इ. स. पूर्व ४९० मध्ये मॅरेथॉनला इराणी फौज हरली. दहा वर्षांनी बादशहा झर्क्सीझ स्वतः चालून आला. अथेन्सवाल्यांनी शहर रिकामे केले, बायकामुले ट्रीझन, सॅलॅमिस, एजिना अशा ठिकाणी हलवली आणि पुरुष जहाजांवर चढले. इराण्यांनी अ‍ॅक्रोपोलिसवरची देवळे जाळली. आणि मग सॅलॅमिस बेटाच्या चिंचोळ्या खाडीत त्यांच्या आरमाराचा चुराडा झाला. हे इ. स. पूर्व ४८० चे. यानंतर आठच वर्षांनी, ४७२ च्या उत्सवात, एस्किलस या कवीने ‘इराणी लोक’ नावाची शोकात्मिका सादर केली. वृंदाचा खर्च उचलणारा होता विशी ओलांडलेला एक तरुण. त्याचे नाव पेरिक्लीस. पहिले बक्षीस या नाटकमालेलाच मिळाले.

एस्किलस हा नुसता घरात बसून लिहिणारा कवी नव्हे. तो मॅरेथॉनला लढला होता. तिथे शत्रूचे जहाज धरून ठेवताना त्याच्या भावाचा हात कुऱ्हाडीने तुटला आणि तो मेला. सॅलॅमिसलाही एस्किलस हजर होता, असे जुने लेखक सांगतात. त्याच्या नावावर चालणाऱ्या समाधिलेखात मॅरेथॉनचा उल्लेख आहे, नाटकांचा नाही!

अशा माणसाने विजयाचे नाटक लिहायचे, तर आपण काय अपेक्षा करू? आपले सेनापती, आपली वीरश्री, आपला जयजयकार. एस्किलसने यातले काहीही रंगभूमीवर आणले नाही. त्याचे सगळे नाटक घडते ते सुसा नगरीत, शत्रूच्या राजवाड्यापुढे. पात्रे सारी इराणी. म्हातारे दरबारी बातमीची वाट पाहत बसले आहेत. झर्क्सीझची आई, ती राजमाता, अशुभ स्वप्न पडल्यामुळे धास्तावून बाहेर येते. बोलता बोलता ती विचारते, की हे अथेन्स आहे तरी कुठे, आणि त्यांचा धनी कोण? उत्तर येते, की ते कुणाचे गुलाम नाहीत. अथेन्सच्या प्रेक्षकांना इथे मूठभर मांस चढले असणार, यात शंका नको. पण कवी तिथे थांबत नाही. दूत येतो आणि पराभवाची हकिगत सांगतो. रात्रभर नाकेबंदी करून वल्ही मारून थकलेले इराणी खलाशी, पहाटे खडकांवरून घुमलेले ग्रीकांचे युद्धगीत, अरुंद पाण्यात एकमेकांवर आदळणारी जहाजे, आणि मग जाळ्यात सापडलेल्या कुप्या माशासारखे तुटक्या वल्ह्यांनी ठेचले जाणारे जवान. एकामागून एक नावे येतात. मेलेल्या इराणी सरदारांची ती लांबलचक यादी वाचताना आजही अंगावर येते. ग्रीक माणसाचे मात्र एकही नाव नाटकात नाही. थेमिस्टोक्लीसचेसुद्धा नाही! मग मृत बादशहा दरायसचे भूत कबरीतून उठते आणि मुलाच्या उद्दामपणाला दोष देते. शेवटी फाटक्या वस्त्रांनी झर्क्सीझ येतो, आणि तो व म्हातारे मिळून छाती पिटीत निघून जातात. नाटक संपते.

मनात चित्र उभे करा. वर टेकडीवर जळलेली देवळे. पार्थेनॉनचे काम सुरू व्हायला अजून पंचवीस वर्षे आहेत. खाली लाकडी फळ्यांवर बसलेले पुरुष. त्यांतल्या कितीएकांनी आठ वर्षांपूर्वी तीच वल्ही हाणली होती. आणि पुढे काय चालले आहे, तर शत्रूच्या घरचा शोक.

हा टवाळीचा भाग होता की कळवळ्याचा, यावर पंडितांत खूप वाद आहे. काहींच्या मते शत्रूला रडताना दाखवणे म्हणजे जखमेवर मीठ. विजयाची चव चाखायची रीत. काहींना त्यात शत्रूच्या आईबद्दलची खरी करुणा दिसते. मला वाटते, की प्रेक्षकांतल्या प्रत्येकाच्या मनात दोन्ही असणार, आणि कवीला ते ठाऊक असणार. महाभारतात युद्ध जिंकल्यावर लगेच विजयोत्सव नाही, स्त्रीपर्व आहे; गांधारी रणांगणावर उभी राहून शोक करते. ते ऐकताना आपण पांडवांचे असूनही क्षणभर कौरवांचे होतो. तसेच काहीसे. एवढे खरे, की घरच्या दुःखावर रडवणाऱ्या कवीला दंड करणारे हेच शहर, शत्रूच्या दुःखाच्या नाटकाला पहिले बक्षीस देते झाले.

वर्गात हे सांगितले, की एखादा विद्यार्थी हमखास विचारतो, ‘‘सर, पण नाटकावरून इतिहास कसा लिहायचा? नाटकवाला तर काहीही लिहील!’’ प्रश्न बिनतोड आहे. आणि ‘इराणी लोक’ या नाटकाइतके त्याचे चांगले उत्तर दुसरीकडे सापडत नाही. कारण सॅलॅमिसच्या लढाईचे आपल्या हाती असलेले सगळ्यांत जुने वर्णन हिरोडोटसचे नव्हे, या नाटकाचे. हिरोडोटसने लिहिले ते लढाईनंतर चाळीस-पन्नास वर्षांनी, विचारपूस करून.

मग भरवसा कुठे ठेवायचा? मी एक साधी कसोटी लावतो. कवीला खोटे पाडणारा कोण समोर बसला होता, ते पाहायचे. खाडी अरुंद होती, ग्रीक पहाटे गात निघाले, शत्रूला फसवा निरोप गेला होता, बादशहा किनाऱ्यावरच्या उंचवट्यावरून पाहत होता. या बाबतीत थाप मारली असती तर हजारो लोकांनी तिथेच ओरडा केला असता. फसव्या निरोपाची गोष्ट हिरोडोटसही सांगतो. निरोप नेणाऱ्याचे नाव तो सिकिनस असे देतो, नाटकात नुसता ‘एक ग्रीक माणूस’ आहे. तेव्हा त्या भागावर विश्वास ठेवायला हरकत नाही. आकड्यांचे मात्र अवघड. ग्रीक जहाजे नाटकात तीनशे दहा आहेत, हिरोडोटसमध्ये ३७८. इराणी जहाजे नाटकात एक हजार आणि वर दोनशे सात वेगवान; हिरोडोटस मूळ आरमाराचा आकडा देतो तो बरोबर १,२०७! दोन साक्षीदारांचे शब्द इतके जुळले, की वकील सावध होतो. हिरोडोटसने आकडा नाटकातूनच उचलला असण्याचा संभव आहे. शिवाय शत्रूची जहाजे एकेक करून मोजायला कोण बसले होते? आजचे बहुतेक इतिहासकार हे आकडे फुगवलेले मानतात.

आणि सुसाचे काय? तिथे जाऊन आलेला प्रेक्षक विरळा. तिथे कवीला रान मोकळे. नाटकात दरायसची कबर सुसाला आहे. खरी कबर पर्सेपोलिसजवळ नक्श-ए-रुस्तम येथे कड्यात खोदलेली आहे आणि आजही ती पाहता येते. नाटकातला दरायस शहाणा, संयमी. समुद्रावर पूल बांधणाऱ्या मुलाला तो दोष देतो. खरा दरायस स्वतः बॉस्फोरसवर पूल बांधून सिथियन लोकांवर चालून गेला होता, आणि मॅरेथॉनची फौजही त्यानेच पाठवली होती. ही गोष्ट तर प्रेक्षकांना पक्की ठाऊक होती. मग त्यांनी ओरडा का केला नाही? कारण तिथे ते साक्षीदार म्हणून बसले नव्हते. शहाणा बाप आणि उद्दाम मुलगा ही जोडी नाटकाला हवी होती. माझी कसोटी इथे लंगडी पडते, हे कबूल करतो. राजमातेचे अटोसा हे नावही नाटकातल्या संवादांत कुठे नाही. ते पात्रांच्या यादीत आहे, आणि हिरोडोटसमध्ये आहे.

एक बारीक गोष्ट मात्र कवीने फार चांगली हेरली आहे. त्याचे इराणी लोक ग्रीकांना ‘आयोनियन’ म्हणतात. खरोखरच जुन्या इराणी शिलालेखांत सर्व ग्रीकांना ‘यौन’ म्हटले आहे. आपला ‘यवन’ तो हाच. कार्ले आणि जुन्नरच्या लेण्यांत दान देणाऱ्या यवनांची नावे कोरलेली आहेत, तो शब्द किती लांबून आला पाहा!

नाटकाचे साल तरी पक्के आहे का? आहे. नाटके कोणत्या वर्षी झाली, कुणाला कितवा क्रमांक मिळाला, याच्या नोंदी अथेन्समध्ये ठेवत, आणि त्यांतले तुकडे हस्तलिखितांच्या प्रस्तावनांत उतरले आहेत. पण नोंद नसेल तिथे विद्वानही फसतात. एस्किलसचे ‘शरणागत स्त्रिया’ हे नाटक कितीतरी काळ सर्वांत जुने समजले जाई. त्यात वृंदाला फार महत्त्व आहे, तेव्हा ते जुन्या वळणाचे, असा तर्क. १९५२ साली इजिप्तमधल्या ऑक्सिरिंकस येथे सापडलेला पपायरसचा एक चिटोरा छापला गेला. त्यावरच्या निकालात सॉफोक्लीस दुसरा आल्याचे दिसते. आणि सॉफोक्लीस तर ४७० च्या सुमारास पुढे आलेला कवी. झाले! साऱ्या पुस्तकांतला क्रम बदलला, आणि ‘इराणी लोक’ हे आपल्याला उपलब्ध असलेले सर्वांत जुने नाटक ठरले. एस्किलसची सत्तरहून अधिक नाटके होती; हाती सात. सॉफोक्लीसची शंभरावर, हाती सात. युरिपिडीसची नव्वदच्या आसपास, हाती अठरा-एकोणीस. बाकीचे असेच चिटोऱ्यांतून येते. २०२२ साली इजिप्तमध्येच युरिपिडीसच्या दोन हरवलेल्या नाटकांच्या शंभराच्या आसपास ओळी मिळाल्या.

युरिपिडीसचे नाव निघाले, तेव्हा पुढच्या गोष्टीकडे वळू. साल इ. स. पूर्व ४१६. अथेन्स आता जळलेले शहर नाही, साम्राज्य आहे. मेलॉस नावाचे लहान बेट. त्यांचे म्हणणे एवढेच, की आम्हांला तुमच्या युद्धात ओढू नका. अथेन्सने वेढा घातला, बेट पडले. हाती लागलेले सगळे प्रौढ पुरुष मारले, बायकामुले गुलाम केली, आणि नंतर आपले पाचशे वसाहतवाले तिथे बसवले. मिलेटसला इराण्यांनी जे केले, त्याहून हे कुठे वेगळे होते? थ्युसिडिडीस हा इतका कोरडा इतिहासकार. पण वेढ्यापूर्वीच्या वाटाघाटी लिहिताना त्याने सरळ नाटकासारखे संवाद लिहिले, एकदा अथेन्सवाले, एकदा मेलॉसवाले. त्या भागात तो स्वतः मध्ये एक शब्द बोलत नाही.

दुसऱ्याच वर्षी, ४१५ च्या वसंतात, युरिपिडीसने ‘ट्रॉयच्या स्त्रिया’ हे नाटक सादर केले. शहर पडले आहे, पुरुष मेले आहेत, आणि जिंकणारे ग्रीक बायकांची वाटणी करीत आहेत. एका लहान मुलाला तटावरून खाली फेकून मारतात, आणि बापाच्या ढालीवर त्याचे प्रेत ठेवून आजी त्याला निरोप देते. या खेपेला रडणारे ट्रॉयचे, आणि मारणारे ग्रीक. नाटकाच्या आरंभीच दोन देव ठरवतात, की परतीच्या वाटेवर हे आरमार बुडवायचे. हे नाटक मेलॉसवरच लिहिले, असे पुष्कळ ठिकाणी छापलेले आढळते. जरा जपून. मेलॉस पडले हिवाळ्यात, नाटक झाले वसंतात. चार नाटके लिहून, निवडून, बसवायला तेवढे दिवस पुरतात का, अशी शंका काही अभ्यासकांनी घेतली आहे, आणि ती रास्त आहे. कवीचा हेतू काहीही असो. प्रेक्षकांत मेलॉसहून परतलेले शिपाई बसले असतील, ही गोष्ट मात्र हेतूवर अवलंबून नाही. युरिपिडीसला दुसरा क्रमांक मिळाला. दंड कुणी केला नाही. आणि त्याच उन्हाळ्यात अथेन्सचे मोठे आरमार सिसिली जिंकायला निघाले. दोन वर्षांनी, ४१३ मध्ये, ते सारे तिकडेच संपले.

पुढे ४०५ साली एगोस्पोटामी येथे उरलेले आरमारही गेले. ती बातमी घेऊन सरकारी जहाज रात्री बंदरात आले. झेनोफन लिहितो, की रडण्याचा आवाज बंदरापासून लांब भिंतींच्या कडेकडेने, एकाकडून दुसऱ्याकडे, शहरापर्यंत चढत गेला. त्या रात्री कुणी झोपले नाही. मेलेल्यांसाठी ते रडत होतेच. पण आपण मेलॉसच्या आणि इतर शहरांच्या लोकांना जे केले तेच आता आपल्या वाट्याला येणार, या भीतीने अधिक.

तसे झाले नाही. ४०४ मध्ये अथेन्स शरण आले, तेव्हा थीब्ज आणि कॉरिंथवाले म्हणाले, शहरच नाहीसे करा. स्पार्टाने नकार दिला. झेनोफनच्या मते स्पार्टाचे कारण असे, की ग्रीसवरच्या सर्वांत मोठ्या संकटात या शहराने उपकार केले होते. म्हणजे मॅरेथॉन आणि सॅलॅमिस. प्लूटार्क वेगळेच सांगतो. विजेत्यांच्या मेजवानीत एका फोकिसच्या माणसाने युरिपिडीसच्या ‘इलेक्ट्रा’ नाटकातले वृंदगीत म्हटले, सगळे गहिवरले, आणि अशी माणसे जिथे जन्मली ते शहर पुसणे त्यांना क्रूरपणाचे वाटले. प्लूटार्क लिहितो तो पाचशे वर्षांनी. झेनोफन त्या काळातला. माझा कौल झेनोफनला; स्पार्टाला थीब्ज डोईजड होऊ द्यायचे नव्हते, हाही हिशोब त्यामागे असेल. पण प्लूटार्कची गोष्ट मी वर्गात सांगतो, वगळत नाही.

मग पावा वाजवणाऱ्या मुलींच्या सुरावर अथेन्सच्या भिंती पाडण्यात आल्या. शहर राहिले. तीन वर्षांनी, इ. स. पूर्व ४०१ मध्ये, त्याच टेकडीच्या उतारावर सॉफोक्लीसचे शेवटचे नाटक त्याच्या नातवाने सादर केले. सॉफोक्लीस स्वतः पाच वर्षांपूर्वीच वारला होता. नाटकाची कथा अशी, की एक आंधळा, हद्दपार म्हातारा अथेन्सच्या वेशीशी येऊन आसरा मागतो, आणि अथेन्स त्याला तो देते.